पायरसी, चित्रपटांची

हक्कधारकाच्या परवानगीवाचून चित्रपटाची प्रत काढणे, विकणे किंवा इंटरनेटवर टाकणे. कंधार, मुखेड, अहमदपूर अशा तालुक्याच्या गावांत तिची ओढ समजण्याजोगी आहे. मल्टिप्लेक्ससाठी नांदेड किंवा लातूर गाठायचे, तर तिकिटावर एसटीचे भाडे आणि बुडालेला रोज चढतो.

प्रसार : आधी व्हिडिओ पार्लर, मग सीडी. मोबाइल आल्यावर ‘कार्ड भरून देणारी’ दुकाने निघाली. गिऱ्हाइकाने मेमरी कार्ड काढून द्यायचे, दुकानदाराने संगणकावरच्या फोल्डरमधून दहा-वीस रुपयांत गाणी-सिनेमे उतरवायचे. 2016 मध्ये जिओ आले, डेटा स्वस्त झाला आणि संकेतस्थळे व टेलिग्राम थेट हातात आले.

सैराट : नागराज मंजुळे यांचा हा चित्रपट 29 एप्रिल 2016 रोजी लागला. तो थिएटरांत चालू असतानाच त्याची चोरटी प्रत मोबाइलवर फिरू लागली. ती सेन्सॉरसाठी दिलेल्या प्रतीवरून निघाल्याचे तेव्हा बोलले गेले. तरीही त्याने मराठीतील कमाईचे उच्चांक मोडले. लहान निर्मात्याचा चित्रपट मात्र अशा घावातून सहसा सावरत नाही.

कायदा : कॉपीराइट कायदा, 1957 च्या कलम 63 नुसार सहा महिने ते तीन वर्षे कैद आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड. महाराष्ट्राने 1981 च्या झोपडपट्टीदादा-हातभट्टीवाले प्रतिबंधक कायद्यात 2009 मध्ये ‘व्हिडिओ पायरेट’ घातला, त्यामुळे त्याला स्थानबद्ध करता येते. 2023 च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्तीने किमान तीन महिने कैद आणि तीन लाखांपासून निर्मितीखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत दंड ठरवला. ‘ढिशूम’ या चित्रपटाच्या प्रकरणी मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. गौतम पटेल यांनी 2016 मध्ये स्पष्ट केले, की गुन्हा नुसते पाहण्यात नाही, विनापरवाना वितरण व जाहीर प्रदर्शनात आहे. हा भेद महत्त्वाचा आहे. पाहणाऱ्या पोरांना तुरुंगाची भीती घालणे चूक. दिल्ली उच्च न्यायालयाच्या 2019 च्या निकालामुळे, बंद केलेले संकेतस्थळ पत्ता बदलून पुन्हा उघडले, तरी नवा दावा न लावता तेही रोखता येते.

धोके : पाहणाऱ्याला खरी भीती फोनची आहे. ‘डाउनलोड’ची चार बटणे दिसतात, त्यांतली बहुतेक खोटी, एखादे दाबले की एपीके फाइल उतरते आणि एसएमएस वाचण्याची परवानगी मागते. ती दिली, तर बँकेचा ओटीपी परक्याच्या हाती जातो. पुष्कळ प्रतींवर सट्ट्याच्या ॲपची जाहिरातही उमटवलेली असते. खात्यातून पैसे गेल्यास 1930 या क्रमांकावर लगेच तक्रार करता येते.