दलदलीतले मूळ आणि घरची भट्टी

अमेरिकेतील सामान्य कुटुंबांत घरच्या घरी भाजली जाणारी चॉकलेट-मार्शमॅलो कुकी हा पदार्थ दिसावयास अगदी साधा आहे : कोको घातलेल्या पिठाची मऊ, जाडसर चकती, तिच्यावर बसविलेला अर्धा मार्शमॅलो आणि या दोहोंवर ओतलेला चॉकलेटचा लेप. परंतु या तीन थरांपैकी प्रत्येकाची कुळकथा निराळी, देश निराळा आणि शतकही निराळे असून, हे तिन्ही एका गृहिणीच्या ओट्यावर एकत्र येण्यापूर्वी औषधविक्रेते, रसायनशास्त्रज्ञ, यंत्रकार आणि पाकशास्त्राच्या शिक्षिका यांच्या कित्येक पिढ्या खर्ची पडल्या. यांपैकी कारखानदारांची नावे दस्तऐवजांत आणि पेटंटांत सुरक्षित राहिली. ज्या स्त्रियांनी हे सारे घरगुती मापात बसविले, त्यांच्या वाट्याला मात्र बहुधा दंतकथाच आल्या. या अन्यायाची थोडी भरपाई व्हावी, या हेतूने हा इतिहास येथे मांडीत आहे.

मार्शमॅलो ही प्रथम मिठाई नव्हतीच. युरोपातील समुद्रकाठच्या खारट दलदलीत वाढणारी आणि वनस्पतिशास्त्रात अल्थिया ऑफिसिनॅलिस या नावाने ओळखली जाणारी ही वनस्पती जास्वंद आणि भेंडी यांच्या कुळातली असून, भेंडी चिरताना हाताला जो बुळबुळीत चीक लागतो, तशाच प्रकारचा चीक तिच्या मुळांत विपुल असतो. थिओफ्रास्टस आणि डायॉस्कोरिडीझ या ग्रीक ग्रंथकारांनी तिचे औषधी गुण नमूद करून ठेवले आहेत. पुढे अरबी-फारसी वैद्यकाच्या मार्गाने हीच वनस्पती हिंदुस्थानात परिचित झाली आणि युनानी हकिमांच्या दवाखान्यांत खतमी या नावाने ती आजही खोकल्याच्या काढ्यात पडते. घसा मऊ करणाऱ्या या मुळाचा अर्क साखर आणि अंड्यातील पांढरा भाग यांच्याबरोबर घोटघोटून त्याची हलकी, फेसाळ वडी करण्याची कल्पना एकोणिसाव्या शतकातील फ्रान्समधील हलवायांनी रूढ केली. हे काम अत्यंत कष्टाचे असे, कारण मिश्रणात पुरेशी हवा भरेपर्यंत हात थांबविण्याची सोय नसे. पुढे अर्काची जागा डिंकाने आणि डिंकाची जागा जिलेटिनने घेतली, पिठीच्या परातींत ठसे उमटवून त्यांत गरम पाक ओतण्याची रीत आली आणि औषधाच्या बरणीतला हा पदार्थ मुलांच्या खिशात जाऊन पोहोचला. दलदलीतले मूळ त्यातून केव्हाच नाहीसे झाले होते.

जिलेटिनविषयी येथे थोडे थांबले पाहिजे. वासरांचे पाय तासन्‌तास उकळून, गाळून, साय काढून गृहिणी ते पूर्वी घरीच सिद्ध करीत. पीटर कूपर या उद्योजकाने 1845 साली खाण्याच्या जिलेटिनचे पेटंट घेतले खरे, परंतु ते घरोघर पोहोचविण्याचे श्रेय न्यूयॉर्क राज्यातील जॉन्सटाउन येथील नॉक्स दांपत्याकडे जाते. चार्ल्स नॉक्स 1908 मध्ये निधन पावल्यावर कारखान्याचा सारा कारभार त्याची पत्नी रोझ हिने आपल्या हाती घेतला आणि जाहिरातींचा भपका कमी करून पाककृतींच्या छोट्या पुस्तिकांवर भर दिला. माल विकावयाचा तर तो वापरावयास शिकविला पाहिजे, हे तिने अचूक ओळखले होते.

चॉकलेटचा इतिहास सर्वश्रुत असल्याने तो थोडक्यात सांगतो. मॅसॅच्युसेट्समधील डॉर्चेस्टर येथे 1765 साली जॉन हॅनन आणि जेम्स बेकर यांनी पाणचक्कीवर कोकोच्या बिया दळण्यास प्रारंभ केला, तो पिण्याच्या चॉकलेटसाठी. अ‍ॅम्स्टरडॅमच्या व्हान हाउटेन घराण्याने 1828 मध्ये बियांतील स्निग्धांश दाबून काढण्याचे यंत्र सिद्ध केले, तेव्हा कोकोची कोरडी भुकटी मिळू लागली. आणि तोच स्निग्धांश पुन्हा भुकटीत मिसळून ब्रिस्टलच्या फ्राय यांनी 1847 साली खाण्याची वडी काढली. कुकीच्या पिठातला कोको आणि वरच्या लेपातले चॉकलेट ही अशी एकाच बीची दोन रूपे होत.

खरी अडचण भट्टीची होती, आणि माझ्या मते या साऱ्या प्रकरणाचा मर्मभाग तोच आहे. न्यू इंग्लंडमधील जुन्या घरांत चुलीच्या बाजूस विटांची भट्टी असे. तिच्यात लाकडे पेटवावयाची, विटा तापल्या की निखारे ओढून काढावयाचे, हात आत धरून तो किती वेळ सोसवतो यावरून धगीचा अंदाज घ्यावयाचा आणि मग पाव, सारण भरलेले ‘पाय’ आणि घेवड्याचे भांडे एकामागून एक आत सारावयाचे. हा खटाटोप आठवड्यातून एकदा करण्याजोगा होता. अधल्यामधल्या दिवशी झाकणावर निखारे ठेवावयाच्या लोखंडी भांड्यावर भागवावे लागे. हे वर्णन आपल्याकडच्या वाचकास परके वाटू नये. कारण नानकटाई घरी भाजावयाची तर पातेल्यात वाळू तापवून, वरच्या ताटलीत निखारे घालून, अशाच युक्तीने ती भाजली जात असे, आणि गोव्यातील बेबिंकेचा एकेक थर आजही वरच्या निखाऱ्यांच्या धगीवर भाजला जातो. ज्यांना ही दगदग नको असे, ती कुटुंबे तूप, साखर, रवा, मैदा डब्यांत भरून जवळच्या बेकरीत नेत आणि भाजणावळ देऊन नानकटाई करून आणीत. अमेरिकेत हा प्रश्न एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून ओतीव लोखंडाच्या चुलींनी काही अंशी सोडविला. तरीही त्या चुलीतल्या भट्टीची आच कळावी म्हणून चिमूटभर पीठ आत ठेवून ते किती वेळात तांबूस होते हे बाई पाहत बसे. भट्टीची उष्णता आपोआप ठराविक अंशावर राखणारे नियंत्रक 1915 च्या सुमारास गॅसच्या शेगड्यांना बसू लागले, तेव्हा कोठे अमुक अंशावर अमुक मिनिटे असे पाककृतीत लिहिणे सार्थ ठरले.

पीठ फुलविण्याचीही हीच कथा. अमेलिया सिमन्स या बाईंनी 1796 साली हार्टफर्ड येथे छापविलेल्या पाकपुस्तकात कुकीच्या पिठात लाकडाच्या राखेपासून काढलेला क्षार घालावयास सांगितला आहे; हार्वर्डचे प्राध्यापक एबेन हॉर्सफर्ड यांनी 1856 मध्ये बेकिंग पावडरीतील आम्ल-फॉस्फेटाचे पेटंट घेतले आणि राखेच्या क्षाराची कडवट चव स्वयंपाकघरातून हद्दपार होऊ लागली.

साधने आली, तरी ती वापरण्याचे शास्त्र कोणीतरी शिकवावे लागते. बॉस्टन शहरात 1879 साली पाकशाळा सुरू झाली. हेच ते बॉस्टन, जेथे 1887 च्या डिसेंबरात पंडिता रमाबाईंच्या शारदासदनास अर्थसाहाय्य करणारी रमाबाई असोसिएशन ही संस्था स्थापन झाली; आणि रमाबाईंनी परतल्यावर लिहिलेल्या ‘युनायटेड स्टेट्‌सची लोकस्थिति आणि प्रवासवृत्त’ या ग्रंथात तेथील स्त्रियांच्या शिक्षणाची आणि संस्थांची जी आस्थेवाईक नोंद आहे, ती याच काळाची आहे. या पाकशाळेच्या मुख्याध्यापिका फॅनी फार्मर यांचे पाकपुस्तक 1896 साली निघाले. प्रकाशकास त्याच्या खपाविषयी इतकी शंका होती की पहिल्या 3000 प्रतींच्या छपाईचा खर्च त्याने लेखिकेवरच टाकला. पण त्यामुळे ग्रंथाचे हक्क तिच्याकडे राहिले आणि पुढे लाखो प्रती खपल्या, तेव्हा त्याचा लाभही तिलाच झाला. मूठभर, अक्रोडाएवढे, अंदाजाने ही जुनी परिमाणे मोडीत काढून, प्याला आणि चमचा सुरीच्या पात्याने सपाट करून मोजण्याचा दंडक त्यांनी घालून दिला. हाताच्या अंदाजाची थोरवी मी जाणतो; तथापि ज्या मुलीला शेजारी बसवून शिकविणारी आजी नाही, तिला या सपाट चमच्याने केवढा आधार दिला असेल, याचा विचार केल्यास फार्मर यांच्याविषयी आदर वाटल्यावाचून राहत नाही.

दरम्यान कारखान्यांनी मार्शमॅलो आणि बिस्किट यांची सांगड घातलीच होती. नॅबिस्को कंपनीची मॅलोमार 1913 साली आणि टेनेसीतील चॅटानूगा बेकरीची मूनपाय 1917 साली बाजारात आली. मॅलोमार उन्हाळ्यात विकावयाची नाही, कारण तिच्यावरचे चॉकलेट वितळते, हा आरंभीचा नियम शीतगृहे आल्यानंतरही पाळला गेला. मुलींच्या बालवीर संघटनेने 1927 साली छापलेल्या पुस्तकात शेकोटीवर भाजलेला मार्शमॅलो, चॉकलेट आणि ग्रॅहॅम बिस्किट यांची जोडणी सविस्तर दिलेली आहे. कारखाना आणि शेकोटी यांच्या मधली जागा घरच्या भट्टीची होती.

ती जागा भरून काढणाऱ्यांत रूथ वेकफील्ड यांचे नाव अग्रगण्य होय. मॅसॅच्युसेट्सच्या व्हिटमन गावी त्यांनी आणि त्यांच्या पतीने 1930 साली एक जुनी वास्तू घेऊन टोल हाउस या नावाने भोजनगृह थाटले. पाटीवर 1709 हे साल झळकत असे, वास्तविक ते घर 1817 चे होते. तेथेच 1938 च्या सुमारास, चॉकलेटचे तुकडे पिठात घालून भाजलेली कुकी जन्मली. लोकांत अशी कथा पसरली की बाईंकडचे नेहमीचे चॉकलेट संपले, म्हणून त्यांनी दुसऱ्या वडीचे तुकडे पिठात टाकले, ते विरघळून पिठात मिसळतील अशी त्यांची अपेक्षा होती, आणि ते तसेच राहिले म्हणून एक नवा पदार्थ दैवयोगाने हाती लागला. ही कथा मला मुळीच मान्य नाही. वेकफील्ड या फ्रेमिंगहॅमच्या शिक्षिका-विद्यालयातून 1924 साली गृहशास्त्राच्या पदवीधर झाल्या होत्या, त्यांनी ते शास्त्र शिकविलेही होते, आणि पुढे त्यांनी स्वतःच सांगितले की आइस्क्रीमबरोबर दिल्या जाणाऱ्या बटरस्कॉचच्या कुकीहून काही निराळे द्यावे, म्हणून त्या विचारपूर्वक प्रयत्न करीत होत्या. चॉकलेटमधील स्निग्धांश भट्टीत वितळला तरी कोकोचे कण तुकड्याचा आकार धरून ठेवतात, ही गोष्ट अशा स्त्रीला ठाऊक नव्हती असे म्हणणे म्हणजे तिची विद्याच नाकारणे होय. नेस्ले कंपनीने 1939 साली त्यांच्याशी करार करून ती पाककृती आपल्या वेष्टनावर छापण्याचा हक्क घेतला आणि त्याच सुमारास तयार तुकडे विक्रीस काढले. पण कराराची गोष्ट फारशी कोणी सांगत नाही, अपघाताची मात्र सर्वजण सांगतात.

मार्शमॅलोची घरगुती कुकी याच ज्ञानाची पुढची पायरी आहे आणि ती जवळून पाहण्याजोगी आहे. लोणी आणि साखर फेसून, अंडे घालून, मैदा, कोको आणि सोडा मिसळलेले पीठ चमच्याने ताटलीवर सोडतात आणि सुमारे 175 अंश सेल्सिअसवर आठ-नऊ मिनिटे भाजतात. मार्शमॅलो आरंभापासून आत ठेवला तर जिलेटिन वितळून तो पसरतो आणि त्यातली साखर ताटलीवर करपते; म्हणून चकत्या जवळजवळ भाजून झाल्यावर ताटली बाहेर काढावयाची, पाण्यात बुडविलेल्या कात्रीने कापलेला अर्धा मार्शमॅलो प्रत्येक चकतीवर कापलेली बाजू खाली करून ठेवावयाचा आणि ताटली पुन्हा जेमतेम दोन मिनिटे आत सारावयाची. कापलेली बाजू खाली, कारण बाहेरच्या अंगास पिठी लावलेली असते व आतला भाग चिकट असतो. तोच गरम चकतीस धरून बसतो. कुकी पुरती निवाल्यावर कोको, लोणी आणि पिठीसाखर यांचा लेप वरून सोडतात. अ‍ॅलेक्स डूमॅक यांनी 1950 च्या दशकात पेटंट घेतलेल्या यंत्राने मार्शमॅलो नळ्यांतून दोरीसारखा काढून कापण्याची सोय केली आणि तो इतका स्वस्त व एकसारखा मिळू लागला की ही कृती लहान मुलांच्या हातीही देता आली.

आपल्याकडील शाकाहारी कुटुंबांना जिलेटिनची अडचण आहे, कारण ते जनावरांच्या कातडी-हाडांपासून निघते. समुद्रशेवाळापासून काढलेला, वाण्याकडे चायना ग्रास म्हणून मिळणारा पदार्थ घालून मार्शमॅलो करता येतो, मात्र तो थोडा कमी लवचीक होतो. असे घरगुती फेरफार लिहून ठेवले तरच टिकतात. लक्ष्मीबाई धुरंधर यांनी 1910 साली ‘गृहिणीमित्र’ छापून एक हजार पाकक्रिया ग्रंथबद्ध केल्या, पण घरोघरच्या असंख्य वह्यांना छापखान्याचा मार्ग कधी दिसला नाही. ज्या वाचकांच्या घरी आजीची किंवा मावशीची अशी वही असेल, त्यांनी तिच्या पहिल्या पानावर लिहिणारीचे पूर्ण नाव, गाव आणि साल आजच लिहून ठेवावे, आणि एखादी कृती तिने कोणाकडून घेतली, तीत स्वतः काय बदल केला, हे घरातील वडीलधाऱ्यांना विचारून समासात नोंदवावे, ही माझी कळकळीची विनंती आहे.