भाटिया, वनराज
(३१ मे १९२७ – ७ मे २०२१). समांतर हिंदी चित्रपटाचे प्रमुख संगीतकार. जन्म मुंबईत, कच्छी कुटुंबात. एल्फिन्स्टन महाविद्यालयातून इंग्रजीत एम. ए. झाल्यावर लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये आणि पुढे पॅरिसला नादिया बूलांझे यांच्याकडे त्यांनी पाश्चात्त्य संगीतरचनेचे शिक्षण घेतले. १९५९ मध्ये ते परतले, तेव्हा या विद्येला इथे फारसे गिऱ्हाईक नव्हते. १९६०–६५ या काळात दिल्ली विद्यापीठात पाश्चात्त्य संगीतशास्त्र शिकवले. चरितार्थ मात्र मुख्यतः जाहिरातींवर चालला. लिरिलसारख्या उत्पादनांसाठी त्यांनी हजारो जिंगल्स रचल्या. काही सेकंदांत वातावरण उभे करण्याचा हा सराव पुढे चित्रपटांत कामी आला.

दिग्दर्शक श्याम बेनेगलही जाहिरातक्षेत्रातलेच. त्यांच्या ‘अंकुर’पासून (१९७४) दोघांची दीर्घ सोबत सुरू झाली. ‘मंथन’ (१९७६) गुजरातच्या पाच लाख दूधउत्पादकांनी प्रत्येकी दोन रुपये घालून उभा केला. त्यातले प्रीती सागर यांनी गायलेले गाणे पुढे अमूलच्या जाहिरातीतून घरोघरी पोहोचले. पण भाटियांची खरी कसोटी ‘भूमिका’त (१९७७) लागली. अभिनेत्री हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनावर आधारलेल्या या चित्रपटात नायिकेची कारकीर्द अनेक वर्षांची, म्हणून पडद्यावरच्या चित्रपटांतली गाणीही त्या त्या काळातली वाटायला हवी होती. भाटियांनी चाल आणि वाद्यमेळ काळानुसार बदलत नेले. गाणे ऐकून साल ओळखावे, इतके ते नेमके आहे. ‘त्रिकाल’मध्ये (१९८५) पोर्तुगीज राजवट संपत आलेला गोवा आणि गायक रेमो फर्नांडिस, तर ‘सरदारी बेगम’मध्ये (१९९६) ठुमरीची मैफल, त्यात आरती अंकलीकर-टिकेकर यांनी गायन केले.

अपर्णा सेन यांचा ‘३६ चौरंगी लेन’ आणि कुंदन शाह यांचा ‘जाने भी दो यारो’ यांनाही त्यांचेच संगीत आहे. गोविंद निहलानी यांच्या ‘तमस’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार लाभला. ‘भारत एक खोज’ या दूरदर्शन मालिकेसाठी (१९८८) ऋग्वेदातील नासदीय सूक्त त्यांनी समूहस्वरांत बांधले. पाश्चात्त्य शिक्षण आणि भारतीय आशय यांचा सांधा इथे कुठेच दिसत नाही. हीच त्यांची सर्वांत मोठी रचना मानावी.

संगीत नाटक अकादमी पुरस्कार (१९८९) व पद्मश्री (२०१२) हे त्यांचे इतर सन्मान. गिरीश कार्नाडांच्या नाटकावर आधारित ‘अग्निवर्षा’ हा ऑपेरा त्यांनी उतारवयात लिहायला घेतला.