मुदतीचा कायदा आणि सरकारची वसुली

सावकारी पाशाविषयी आपल्याकडे विपुल लिहिले गेले आहे. व्याजाचा दर, गहाण, लिलाव, वेठ या साऱ्यांची चर्चा झाली. परंतु कर्ज किती काळ जिवंत राहते, हा प्रश्न वकिलांच्या दप्तरातच पडून राहिला. वास्तविक हा प्रश्न सत्तेचा आहे. मुदत ठरविणाऱ्याने ती कोणासाठी आखूड ठेवली आणि कोणासाठी लांब, हे पाहिले की राज्यसंस्थेचे स्वरूप स्पष्ट होते.

१८५९ साली ब्रिटिश सरकारने मुदतीचा कायदा केला. साध्या कर्जाच्या दाव्यास तीन वर्षे, नोंदलेल्या लेखास सहा वर्षे. कागदावर हे ऋणकोचे संरक्षण होते. व्यवहारात उलटे घडले. मुदत संपत आली की सावकार कुणब्याला बोलावी, थकलेले व्याज मुद्दलात मिळवी आणि नव्या रोख्यावर 'निशाणी नांगर' उठवून घेई. दर नव्या रोख्यासरशी मुद्दल फुगत जाई. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यात सुपे येथे उठाव झाला. तो पुणे आणि अहमदनगर जिल्ह्यांत पसरला, तेव्हा लोकांनी मुख्यतः रोखे आणि खतेच हिसकावून जाळली. चौकशी आयोगानेही मुदतीच्या कायद्याकडे बोट दाखविले. १८७९ च्या दख्खन शेतकरी कायद्याने नोंदलेल्या रोख्यांची मुदत बारा वर्षे केली.

या इतिहासात आपला माणूस कोठे होता? रोखा लिहायला तारण लागते. बहुसंख्य महार-मांगांजवळ तारण ठेवण्यासारखे होते ते अंग. त्यांचे कर्ज राबून फेडायचे, म्हणजे फिटायचेच नाही. सालगड्याच्या हिशेबाला तीन वर्षांची मुदत कोणी लावली नाही, कारण तो हिशेब कधी कोर्टाची पायरी चढलाच नाही.

आता सरकारकडे पाहू. १८७७ आणि १९०८ च्या मुदत कायद्यांनी सरकारला स्वतःच्या दाव्यासाठी साठ वर्षे दिली. राजाच्या हक्काला काळाची बाधा नाही, या इंग्रजी कल्पनेची ही सावली. प्रजासत्ताक आल्यानंतर १९६३ च्या कायद्याने साठाचे तीस केले. सर्वसाधारण धनकोला तीन वर्षे, सरकारला तीस! अधिकाऱ्यांच्या हलगर्जीपणाने जनतेचा पैसा बुडू नये, हा यामागचा युक्तिवाद अगदीच पोकळ नाही. पण त्या हलगर्जीपणाचा भार तीस वर्षे ऋणकोनेच वाहावा काय?

त्यातही सरकारला बहुधा दाव्याची गरजच पडत नाही. १८८३ आणि १८८४ च्या कायद्यांनी तगाई कर्जे जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल करण्याची सोय केली. नोटीस, जप्ती, लिलाव हे सारे महसूल खातेच करते. महाराष्ट्राच्या १९६६ च्या महसूल संहितेत थकबाकीदाराच्या अटकेचीही तरतूद आहे. कोर्टात मुदतबाह्य दावा आला तर ऋणकोने तक्रार केली नाही तरी न्यायाधीशाने तो फेटाळला पाहिजे, असे मुदतीचा कायदा सांगतो. तहसील कचेरीत धनकोच्या वतीने वसुली करणारा आणि हरकत ऐकणारा एकच असतो.

१९७५ साली महाराष्ट्र सरकारने कर्जमुक्तीचा कायदा करून छोटे शेतकरी, ग्रामीण कारागीर आणि मजूर यांची सावकारी कर्जे रद्द केली. ते पाऊल स्वागतार्ह होते. पण सरकार, बँका आणि सहकारी संस्था यांची कर्जे त्यातून वगळली होती. १९७६ च्या वेठबिगारी निर्मूलन कायद्याने मात्र बिगारीचे कर्जच नष्ट केले. ते वसूल करणाऱ्यास तीन वर्षांपर्यंत कैद ठेवली. हा भेद महत्त्वाचा आहे. मुदत संपल्याने दाव्याचा मार्ग बंद होतो, कर्ज मात्र उरते. वेठबिगारीच्या कायद्याने कर्जच उरले नाही.

१९९९ साली केरळमधील एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निर्णय दिला की, जे कर्ज मुदतबाह्य झाल्याने दावा करून मिळणार नाही, ते महसुली वसुलीच्या वाटेनेही घेता येणार नाही. ते कर्ज राज्याच्या वित्तीय महामंडळाचे होते. आपल्याकडे १९७८ साली महात्मा फुले मागासवर्ग विकास महामंडळ स्थापन झाले. दलित तरुणांना अशा महामंडळांतूनच कर्ज मिळते, म्हणून हा निर्णय आपल्या कामाचा आहे.

पण हक्क निसटतो तो सहीने. मुदतीच्या आत कर्ज कबूल केल्याची लेखी सही दिली की मुदत पुन्हा पहिल्यापासून सुरू होते. मुदत संपल्यावरही फेडीचे लेखी वचन दिले तर १८७२ च्या करार कायद्याने ते बांधून घेते. सुप्याच्या सावकाराचा नवा रोखा आणि आजचा 'येणे बाकी मान्य' असा छापील कागद यांत रचनेचा फरक नाही. त्यावर अंगठा उठविण्यापूर्वी तो कोणीतरी वाचून दाखविला पाहिजे. गावातील शिक्षकाने आणि कार्यकर्त्याने हे काम अंगावर घ्यावे. शेवटच्या हप्त्याची आणि शेवटच्या सहीची तारीख प्रत्येक कर्जदाराजवळ लिहिलेली असावी.

आणि मागणी एकच करावी : न्यायाधीशावर जे बंधन आहे तेच वसुली अधिकाऱ्यावर असावे. जप्तीच्या नोटिशीवर सही करण्यापूर्वी मुदत संपली आहे की नाही, हे त्यानेच तपासावे आणि नोटिशीत लिहून द्यावे.