चिंधीचे आयुष्य

‘टाकाऊपासून टिकाऊ’ हा शब्दप्रयोग आता शाळेच्या हस्तकला-तासाला इतका चिकटून बसला आहे, की त्याचा अर्थ तपासून पाहण्याची गरज कुणाला वाटत नाही. रिकामी खोकी, बाटल्यांची झाकणे, जुने कापड यांतून मुलांनी एखादी वस्तू करावी, शिक्षकांनी गुण द्यावेत आणि पालकांनी ती वस्तू कपाटावर ठेवावी, असा त्याचा रूढ क्रम आहे. परंतु घरी केलेल्या खेळण्याचा इतिहास पाहू लागले, की या शब्दप्रयोगातील दोन्ही पदे संशयास्पद ठरतात. ज्या घरांत अशी खेळणी पिढ्यान्‌पिढ्या झाली, त्या घरांत ‘टाकाऊ’ असे काही नव्हते. आणि ती खेळणी ‘टिकाऊ’ तर मुळीच नव्हती. चिंध्यांची बाहुली चार महिने खेळावी, शिवण उसवली म्हणजे तिच्यातला कापूस उशीत जावा आणि उरलेल्या कापडाचा काकडा व्हावा, हीच तिची रीत. म्हणूनच तिचा इतिहास लिहिणे अवघड आहे. इतिहास उरलेल्या वस्तूंवर उभा राहतो, आणि ही वस्तू उरण्यासाठी जन्मलेलीच नव्हती.

पुराणवस्तूंच्या संग्रहालयात जे खेळणे दिसते ते मातीचे किंवा धातूचे असते. राजस्थानातील कालीबंगा येथे हडप्पा संस्कृतीच्या थरांत मातीची चाके आणि छोट्या गाड्या सापडल्या. महाराष्ट्रात प्रवरेच्या काठी दायमाबाद येथे १९७४ साली बैलजोडी जुंपलेला रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा अशा चार भरीव ब्राँझ प्रतिमा मिळाल्या. त्यांना खेळणी म्हणावे की मिरवणुकीतील पूजावस्तू, याविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. त्यांच्या काळाविषयीही आहेत. परंतु त्या काळीही या मुलखातल्या एखाद्या आईने हातातल्या तुकड्याला गाठ मारून त्याचे डोके केले असेल, असा तर्क करण्याला कोणत्याही उत्खननाचा आधार मिळणार नाही. आपली दमट हवा आणि वाळवी यांनी तो पुरावा केव्हाच खाऊन टाकला. इजिप्तच्या कोरड्या वाळूने मात्र तो राखला. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममध्ये रोमन अमदानीतील इजिप्तची एक बाहुली आहे. अंग जाड्याभरड्या तागी कापडाचे आणि आत चिंध्या व पपायरसचे तुकडे भरलेले. सोळाशे-दोन हजार वर्षांच्या त्या बाहुलीकडे पाहताना कोणत्याही मराठी आजीला तिची कृती विचारावी लागणार नाही.

याच इजिप्तमध्ये, जुन्या कैरोतील फुस्तात येथील उकिरड्यांत, पश्चिम भारतात ठशांनी छापलेल्या सुती कापडाचे मध्ययुगीन तुकडे सापडले, आणि आपल्या छपाईच्या प्राचीनतेचा वस्तुनिष्ठ पुरावा मिळाला तो त्यांतून. भारतीय वस्त्राचा इतिहास असा परदेशी उकिरड्यावरच्या चिंध्यांतून उलगडावा, हे चिंधीच्या पदरी पडलेले एक विरळ भाग्यच म्हटले पाहिजे.

घरात कापडाचा प्रवास कसा होई, हे जुन्या पिढीतील वाचकांना सांगावयास नको. लुगडे नेसून विरले, की त्याच्या धडक्या भागातून मुलाचे झबले निघे. मऊ झालेला भाग बाळंत्यांना जाई. काठ वेगळे काढून ठेवले जात. उरलेल्याची गोधडी होई. गोधडीतूनही जे वगळले जाई त्याचे पोतेरे, आणि अगदी शेवटी काकडा. या साखळीत गोधडी आणि पोतेरे यांच्या मधला एक छोटा मुक्काम बाहुलीचा. तळहाताएवढा पांढरा तुकडा घ्यावा, मध्यभागी कापसाचा बोळा ठेवावा, मानेशी दोरा करकचून आवळावा. दुसऱ्या तुकड्याची सुरळी करून ती मानेखाली आडवी बांधावी. तेच दोन हात. खाली घडी घालून लुगड्याचा काठ गुंडाळला, की कमरेचा दोरा दिसेनासा होतो. डोळे काजळाचे, कुंकू खरे. पाय करण्याचे कारण नसे, कारण निऱ्यांखाली पाय कोणाला दिसतात? घरात मोठ्यांचे काम चाललेले असताना, त्याच कामाच्या कडेला, अर्ध्या घटकेत हे सारे होई. करणारी बहुधा आजी किंवा थोरली बहीण असे; पण दुसरी बाहुली करताना दोरा मुलीच्याच हातात असे. खेळणे मिळणे आणि खेळणे करता येणे, या दोन गोष्टी तेव्हा एकमेकींपासून फार दूर गेलेल्या नव्हत्या.

याच कृतीचे प्रौढ आणि वैभवशाली रूप पाहावयाचे तर जयपुरास जावे लागते. सवाई जयसिंहाने १७२७ साली वसविलेले हे नगर पहिल्यापासून कापडाशी आणि कारागिरीशी बांधलेले आहे. राजवाड्याच्या छत्तीस कारखान्यांत रंगखाना आणि छापखाना हे स्वतंत्र विभाग होते; दक्षिणेस सांगानेर येथे छिप्यांचे ठसे आणि कागझींच्या कुंड्या. आमेरच्या राजा मानसिंहाच्या काळात हे कागझी या प्रदेशात आले, असे त्यांच्या परंपरेत सांगतात. त्यांच्या कागदाचा कच्चा माल म्हणजे सुती चिंध्या. चिंधी कुजवावयाची, कुटावयाची, तिचा लगदा पाण्यात ढवळून जाळीवर उचलावयाचा आणि भिंतीवर वाळवावयाचा. ज्या गावी कापड छापले जाई, त्याच गावी जीर्ण कापडाचा कागद होई. या व्यवसायाशी महाराष्ट्राचेही नाते आहे. गांधीजींच्या प्रेरणेने १९३४ साली वर्ध्यात ग्रामोद्योग संघ स्थापन झाला आणि जे. सी. कुमारप्पा यांनी मगनवाडीत हातकागदासारख्या उद्योगांना शास्त्रीय पाया देण्याचा यत्न केला. पुण्यात १९४० साली हातकागद संस्था सुरू झाली. सांगानेरातील हातकागदाची राष्ट्रीय संस्था आज कुमारप्पांचेच नाव धारण करते.

कागद आला की पतंग आलाच. मकरसंक्रांतीस जयपूरचे आकाश पतंगांनी भरून जाते, आणि गच्च्यागच्च्यांतून ‘वो काटा’ची आरोळी उठते. परंतु घरगुती खेळण्याच्या अभ्यासकाने आकाशाकडे न पाहता गल्लीकडे पाहावे. तेथे काटेरी फांदी हाती घेऊन कटलेल्या पतंगांमागे धावणारी मुले असतात. फाटलेला पतंग शिळ्या भाताच्या खळीने आणि वहीच्या पानाने सांधला, की तो पुन्हा उडतो. फक्त त्याला शेपटी लावावी लागते, कारण ठिगळाने त्याचा तोल एका अंगाला गेलेला असतो. ती शेपटी पुन्हा चिंधीचीच.

जयपुरातल्या चिंधीला सर्वांत मोठा मान दिला तो कठपुतळीने. नावात ‘काठ’ असले, तरी या पुतळीत लाकूड असते ते केवळ मस्तकापुरते. बहुधा आंब्याचे, हलके आणि कोरावयास सोपे. मस्तक कोरले आणि रंगविले, की लाकडाचे काम संपले. हात चिंध्या भरून केलेले, धड कापडाचे आणि त्याखाली घोळदार घागरा किंवा अंगरखा. पाय बहुतेक पुतळ्यांना नसतातच. घरातल्या बाहुलीला पाय नसण्याचे कारण निऱ्या हे होते. येथेही कारण तेच, पण त्याचे कलेत रूपांतर झालेले. पाय नसल्यामुळे पुतळी जमिनीला बांधलेली राहत नाही. घेर गरकन फिरतो आणि प्रेक्षकाला नृत्याचा भास होतो. दोरेही मोजकेच असतात आणि ते सरळ बोटांना गुंडाळलेले असतात. सूत्रधार भाट ओठांत ‘बोली’ नावाची शिट्टी धरून पुतळ्यांचा चिरका आवाज काढतो, आणि त्याची पत्नी ढोलकीच्या तालावर त्या आवाजाचा अर्थ प्रेक्षकांना गाऊन सांगते. रंगमंच म्हणजे उभ्या केलेल्या दोन खाटा आणि एक पडदा. सारे नाट्यगृह घरातल्या वस्तूंतून उभे राहते आणि पहाटेपूर्वी पुन्हा घरातल्या वस्तूंत विरून जाते.

या भाटांचे मूळ नागौरच्या परिसरात. त्यांचा आवडता नायकही नागौरचाच, राव अमरसिंह राठोड. १६४४ साली आग्र्याच्या दरबारात सलाबतखानाला ठार करून अमरसिंह स्वतःही मारला गेला. दरबारी बखरकारांच्या लेखी तो एक अपराध होता. गावोगावच्या खाटांमागून मात्र तो पराक्रम म्हणून शेकडो वर्षे गाइला गेला. ज्यांना कागदावर इतिहास लिहिता येत नव्हता, त्यांनी तो चिंध्यांत भरून ठेवला, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. पुतळी खेळविण्याजोगी राहिली नाही, की ती उकिरड्यावर न टाकता प्रार्थना करून पाण्यात सोडावी, अशी या समाजाची रूढी सांगतात. विरलेल्या कापडाला असा निरोप देणारे लोक त्याला टाकाऊ मानत होते, असे म्हणणे धारिष्ट्याचे होईल.

आपल्याकडे सिंधुदुर्गातील पिंगुळीच्या ठाकर समाजाने कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या बाहुल्या आणि चित्रकथी अशा तिन्ही परंपरा सावंतवाडी संस्थानाच्या आश्रयाखाली राखल्या. आश्रय संपल्यावर त्या नामशेष होण्याच्या वाटेवर होत्या. परशुराम गंगावणे यांनी गुरांच्या गोठ्याचे संग्रहालय करून त्या वाचविल्या आणि २०२१ साली त्यांना पद्मश्री मिळाली. दिल्लीत मात्र कठपुतळी कॉलनी म्हणून ओळखली जाणारी कलावंतांची वस्ती २०१७ साली पाडण्यात आली. एकाच कलेच्या वाट्याला चार वर्षांच्या अंतराने सन्मान आणि विस्थापन दोन्ही यावे, हे आपल्या सांस्कृतिक व्यवहाराचे पुरेसे बोलके चित्र आहे.

येथे एका आक्षेपाचा विचार केला पाहिजे. घरगुती खेळण्याची ही सारी महती म्हणजे गरिबीला चढविलेला मुलामा तर नव्हे? या प्रश्नाचे उत्तर संस्कृत साहित्याने फार पूर्वी शोधले आहे. शूद्रकाच्या ‘मृच्छकटिका’त चारुदत्ताचा मुलगा रोहसेन शेजारच्या मुलाची सोन्याची गाडी पाहून येतो, दासी रदनिका त्याला मातीची गाडी करून देते, आणि तो ती नाकारून रडू लागतो. वसंतसेना आपले अलंकार उतरवून त्या मातीच्या गाडीत भरते. पुढे तेच अलंकार चारुदत्ताला वधस्तंभापर्यंत नेतात. नाटककाराने मुलाच्या रडण्याची चेष्टा केलेली नाही आणि रदनिकेच्या कष्टांचीही केलेली नाही. ज्या मुलाने शेजाऱ्याचे सोने पाहिले आहे त्याला माती पुरत नाही, हे सत्य तेव्हाही होते आणि आजही आहे. म्हणून घरगुती खेळण्याचे समर्थन स्वस्ताईच्या आधारे करू नये. ते करावयाचे तर त्यातून मुलाच्या हाताला काय मिळते, या आधारे करावे.

हा विचार मराठी भूमीत कृतीत आणला तो ताराबाई मोडक यांनी. माँटेसरी पद्धतीची साधने महाग होती आणि ती शहरी घरांतल्या मुलांपुरतीच राहण्याचा धोका होता. १९४५ साली बोर्डी येथे आणि पुढे कोसबाडला अनुताई वाघ यांच्यासह काम करताना ताराबाईंनी गजगे, शिंपले, पाने, माती, बिया अशा परिसरातल्या वस्तूंतून साधने घडविली. खडबडीत आणि गुळगुळीत यांतला फरक शिकण्यासाठी परदेशी पाट्यांची गरज नसते. वडाचे पान आणि खरवताचे पान पुरते. पुढील पिढीत अरविंद गुप्ता यांनी १९७८ साली होशंगाबादच्या विज्ञान-शिक्षण कार्यक्रमात काम करताना सायकलच्या व्हॉल्व्ह ट्यूबचे तुकडे आणि आगपेटीच्या काड्या जोडून त्रिकोण, चौकोन, घन उभे केले. चौकोन बोटाने दाबला की कलतो, त्रिकोण कलत नाही. पुलांच्या सांगाड्यात त्रिकोण का असतात हे मुलाला त्या क्षणी कळते. नंतर पुण्याच्या ‘आयुका’तील मुक्तांगण विज्ञान शोधिकेत त्यांनी अशा शेकडो खेळण्यांचे भांडार उभे केले. अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेतील सुदर्शन खन्ना यांनी जत्रांतून विकली जाणारी पिपाण्या-भिंगऱ्यांसारखी खेळणी नोंदविली. त्यांची कृती सांगणारे त्यांचे पुस्तक नॅशनल बुक ट्रस्टने १९९२ साली प्रसिद्ध केले. चिंधीला अशा रीतीने प्रथमच ग्रंथालयात जागा मिळाली.

तरीही घरातील साखळी तुटली ती तुटलीच. ती कारखान्यातल्या प्लॅस्टिकने तोडली, हे उत्तर अपुरे आहे. शहरांत त्याआधीच बोहारीण दारात आली होती. जुन्या साड्या द्याव्यात आणि स्टीलचे पातेले घ्यावे, हा व्यवहार दोन्ही पक्षांना सोयीचा होता, आणि त्या साड्या पुढे दुसऱ्या कुणाच्या तरी अंगावर जातही होत्या. परंतु त्या दिवसापासून जुन्या कापडाला किंमत आली आणि ते घरात विरण्याचे थांबले. कृत्रिम धाग्याची साडी तर विरतच नाही. तिची गोधडी उबदार होत नाही, पोतेरे पाणी टिपत नाही, आणि बाहुलीच्या मानेशी आवळलेला दोरा निसटून जातो.

कृष्णाच्या बोटाला जखम झाली, चिंधी हवी होती. सुभद्रेच्या घरी शालू होते, पैठण्या होत्या, चिंधी मात्र नव्हती. द्रौपदीने नेसूचे वस्त्र फाडून दिले. ही लोककथा आपण बंधुप्रेमाची कथा म्हणून सांगत आलो. तिच्यात दोन घरांचे वर्णनही आहे, हे सहसा लक्षात येत नाही. आज आपली बहुतेक घरे सुभद्रेची झाली आहेत. कपाटे भरलेली आहेत, आणि लहान मुलीने बाहुली करण्यासाठी तुकडा मागितला, तर तो कोणत्या कपड्याचा द्यावा हे सुचत नाही. सांगानेरच्या कुंडीत आजही कापडाचे कातरण भिजते आणि जयपूरच्या भाटांची मुले आजही पुतळीच्या हातांत चिंध्या भरतात. आपल्या घरी मात्र त्या मुलीला द्यावयाचा तुकडा शोधण्यासाठी प्रथम कात्री हाती घ्यावी लागेल.