घाटातले उलट स्टेशन

बोरघाटात खंडाळ्याच्या अलीकडे एके काळी रिव्हर्सिंग स्टेशन होते. चढ तीव्र आणि डोंगरात वळायला जागा नाही. म्हणून मुंबईकडून आलेली गाडी तेथे थांबे, इंजिन पुढून सोडवून दुसऱ्या टोकाला जोडत आणि गाडी उलट दिशेने घाट चढू लागे.

२१ एप्रिल १८६३ रोजी हा घाटमार्ग सुरू झाला. सुमारे २५ किलोमीटरांत १,८३१ फुटांची चढण आणि २५ बोगदे! मुख्य अभियंता जेम्स बर्कलीचे कौतुक होते, ते योग्यच. मला मात्र मजूर अधिक आठवतात. १८५९ साली थकलेल्या मजुरीसाठी त्यांनी दंगा केला. पहिल्या ठेकेदाराने काम सोडले. नवा ठेकेदार सॉलोमन ट्रेडवेल भारतात येताच वारला. त्याची पत्नी अ‍ॅलिस हिने ठेका सांभाळला. १८६१ मध्ये चाळीस हजारांवर माणसे येथे राबत होती. पटकीने त्यांतले कितीतरी जण गेले.

१९२९ च्या सुमारास नवा मार्ग आणि विजेची इंजिने आली. गाडी उलटवण्याचे कारण उरले नाही आणि स्टेशन ओस पडले. घाटातून जाताना मुले हौसेने बोगदे मोजतात. ते कोणी खोदले, हेही त्यांना सांगावे.