नाशिक जिल्ह्यातील लाकूडतोड आणि आदिवासींचे वनहक्क : एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत खाजगी कंपन्यांनी पाइनची अरण्ये तोडली. नाशिक परिसरात मात्र शासन स्वतःच वनांचे मालक झाले. मुंबईच्या गोदीस जहाजबांधणीसाठी सागवान हवे होते. त्यासाठी १८४२ मध्ये शेजारच्या डांगची जंगले भिल्ल राजांकडून भाडेपट्ट्याने घेण्यात आली. १८६५ मध्ये थळ घाटातून रेल्वे सुरू झाली आणि स्लीपर व इंधनासाठी लाकडाची मागणी वाढली.

१८७८ च्या वन कायद्याने राखीव व संरक्षित वने निश्चित झाली. परिणामी पेठ, इगतपुरी भागातील कोकणा, वारली व महादेव कोळी यांचे राबासाठी फांद्या तोडणे, गुरे चारणे हे पूर्वापार व्यवहार हक्क न राहता शासनाने दिलेली सवलत ठरले.

स्वातंत्र्याच्या सुमारास मुंबई प्रांतात स्थापन झालेल्या जंगल कामगार सहकारी संस्थांमुळे ठेकेदारांच्या पिळवणुकीस काही प्रमाणात आळा बसला. तथापि आदिवासींना मजुरी मिळाली, जमीन नव्हे. २००६ च्या वनहक्क कायद्याने हा ऐतिहासिक अन्याय मान्य केला. तरीही मार्च २०१८ मध्ये हजारो आदिवासी शेतकऱ्यांना नाशिकहून मुंबईपर्यंत पायी जावे लागले. यावरून वनमालकीचा वसाहतकालीन प्रश्न केवळ कायद्याने सुटत नाही, अंमलबजावणीही तितकीच निर्णायक असते, हे स्पष्ट होते.