मास्टर विठ्ठल : तलवार आणि वाणी

मराठी चित्रपटाचा इतिहास लिहिताना नायकांची व दिग्दर्शकांची चरित्रे विस्ताराने दिली जातात. दुय्यम भूमिका करणारे नट मात्र श्रेयनामावलीतच राहून जातात. मास्टर विठ्ठल यांचा विचार या दृष्टीने उद्बोधक ठरतो. ते आधी नायक होते व मागाहून दुय्यम नट झाले. आणि या दोन अवस्थांच्या सीमेवर भाषेचा प्रश्न उभा आहे.

बालपणी रंगभूमीवर वावरलेले विठ्ठल कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत दाखल झाले. तेथे ते संकलनाचे काम करीत. १९२४ च्या 'कल्याण खजिना' या मूकपटात ते नर्तकीच्या वेशात पडद्यावर आले. पुढे मुंबईच्या शारदा फिल्म कंपनीने त्यांना 'रतन मंजरी' (१९२६) मध्ये नायक केले. तलवारबाजी, घोडदौड आणि मारामारी यांवर उभ्या असलेल्या स्टंटपटांचे ते आघाडीचे नट ठरले. अमेरिकन नट डग्लस फेअरबँक्स याच्याशी त्यांची तुलना होऊ लागली. मूकपटातील मजकूर पाट्यांवर लिहिलेला असे आणि त्या पाट्या प्रांतोप्रांतीच्या लिप्यांत देता येत. नटाची मातृभाषा कोणती, हा प्रश्न प्रेक्षकाला पडण्याचे कारणच नव्हते. देहाची चपळाई हीच त्याची भाषा होती.

ही स्थिती १४ मार्च १९३१ रोजी पालटली. त्या दिवशी मुंबईच्या मॅजेस्टिक चित्रपटगृहात अर्देशीर इराणी यांचा 'आलम आरा' हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला. त्याचे नायक विठ्ठल होते. शारदा कंपनी सोडल्यामुळे त्यांच्यावर करारभंगाचा दावा झाला, आणि बॅरिस्टर महंमद अली जिना यांनी त्यांची बाजू मांडून त्यांना सोडविले. एवढ्या प्रयासाने मिळविलेल्या या नटाचे हिंदुस्थानी उच्चार मात्र बोलपटास पुरेसे नव्हते. म्हणून नायक बराच वेळ अर्धवट शुद्धीत दाखविण्याची युक्ती योजण्यात आली. पहिल्या बोलपटाचा नायकच फारसा बोलत नाही, हा विरोधाभास लक्षणीय होय. 'आलम आरा'ची एकही प्रत आज उपलब्ध नाही; तेव्हा या उच्चारांचा प्रत्यक्ष पडताळा घेणे अशक्य आहे.

बोलपटाने विठ्ठल यांना संपविले, असा निष्कर्ष यावरून कोणी काढील, तर तो यथार्थ नव्हे. १९३३ साली त्यांनी शाहू मोडक यांना घेऊन 'औट घटकेचा राजा' दिग्दर्शित केला. त्याची हिंदी आवृत्ती 'आवारा शहजादा' होय. पुढे भालजी पेंढारकर यांच्या ऐतिहासिक चित्रपटांत त्यांना नवे क्षेत्र लाभले. 'नेताजी पालकर' (१९३९), 'छत्रपती शिवाजी' (१९५२), 'मोहित्यांची मंजुळा' (१९६३) ही त्यांतील काही नावे. या चित्रपटांत संवादांचा मुख्य भार नायकावर असे. परंतु मराठ्यांचा पराक्रम पडद्यावर उभा करावयाचा तर तलवार सराईतपणे धरणारा हातही लागे. तो विठ्ठल यांच्यापाशी होता, आणि जी भाषा बोलावयाची ती त्यांची स्वतःचीच होती. 'छत्रपती शिवाजी'त पृथ्वीराज कपूरही होते. 'आलम आरा'त त्यांची भूमिका दुय्यम व विठ्ठल यांची नायकाची होती. एकवीस वर्षांनी हा क्रम उलटला होता.

विठ्ठल १९६९ साली निवर्तले. नायकपदाचा त्यांचा बहराचा काळ जेमतेम पाच-सहा वर्षांचा. पडद्यावरील वावर मात्र सुमारे चार दशकांचा. भाषेने त्यांचा दर्जा बदलला, पण त्यांची कला निरुपयोगी केली नाही. उलट मराठी बोलपटाने त्या कलेला स्वभाषेत आश्रय दिला. बोलपटाच्या आगमनाने कोणते नट मागे पडले, एवढेच विचारून इतिहासकाराचे काम भागत नाही. मागे पडलेले नट कोठे गेले, कोणत्या भाषेत त्यांना ठाव मिळाला आणि कोणत्या गुणावर ते टिकले, हेही विचारले पाहिजे. त्या प्रश्नांची उत्तरे नायकांच्या चरित्रांत सापडणार नाहीत. ती श्रेयनामावलीच्या खालच्या ओळींत शोधावी लागतील.